मागे कुणी राहिलं नाही

एका गावात एक रीत होती. दर तीन वर्षांनी, फाल्गुन सरता सरता, सगळं गाव तीन दिवसांसाठी घरं सोडून शिवेबाहेर राहायला जायचं. माणसं जायची, गुरं जायची, कुत्री-मांजरं जायची, कोंबड्यासुद्धा टोपल्यांत घालून न्यायच्या. चुली विझवायच्या, दारं नुसती लोटून घ्यायची आणि शिवेपलीकडच्या जांभळीच्या रानात झावळ्यांच्या खोपी बांधून राहायचं. या रीतीला गावपळण म्हणत.

का जायचं, असं विचारलं की म्हातारी माणसं आवाज खाली आणून सांगत की त्या तीन दिवसांत खाडीपलीकडच्या डोंगरातला राक्षस गावात येतो. मागे एखादा जीव राहिला तर त्याला गिळतो. रानातल्या खोपींमध्ये लांबून धप्प, धप्प असे आवाज ऐकू येत, तेव्हा आया पोरांना पोटाशी धरून म्हणत, "ऐकलंस? राक्षस नाचतोय." राक्षसाला एवढं नाचण्यासारखं काय सुख झालं होतं, हे मात्र कधी कुणी विचारलं नाही.

त्या गावाची भाताची शेतं अगदी खाडीला लागून होती. खाडीचं खारं पाणी शेतात शिरू नये म्हणून दगडामातीचा एक लांबच लांब बांध होता. गावातली घरं पडत, विहिरी ढासळत, देवळाचं छप्पर गळे, पण बांधाला कधी कुणाला हात लावावा लागला नव्हता. आपल्या वाडवडिलांची कामंच तशी पक्की, असं गाव म्हणे आणि मान डोलवे.

गावात एक राखण्या होता. पळणीच्या दिवशी सगळ्यांत शेवटी तो निघायचा. घरोघरी डोकावायचा, गोठे बघायचा, खुराडी बघायचा, आणि शिवेवर उभा राहून तीनदा आरोळी द्यायचा, "मागे कुणी राहिलं नाही हो!" ती आरोळी झाली की मगच गावाचा थोरला मानकरी पुढे पाऊल टाकी. राखण्या गरीब होता, पण त्याच्या शब्दावर अख्खं गाव घर उघडं टाकून जात असे. त्याची श्रीमंती तेवढीच, आणि ती त्याला पुष्कळ वाटे.

या राखण्याची मुलगी सगुणा. तिच्या आईला भाऊ नव्हता. भाऊबीजेच्या संध्याकाळी गल्लीतल्या बायका आपापल्या भावांना ओवाळत, आणि सगुणाची आई अंगणात येऊन चंद्राला ओवाळी. भाऊ नसलेल्या बायकांची ती रीतच आहे. पण चंद्र काही भाचीला खांद्यावर बसवून जत्रेला नेत नाही. सुट्टीत बाकीची पोरं मामाच्या गावाला जाऊन येत, मामाने हे दिलं आणि मामाने ते दिलं अशा बढाया मारत, आणि सगुणा आपली पायाच्या अंगठ्याने माती उकरत ऐकत बसे.

सगुणा आठ वर्षांची असताना पळण आली, आणि नेमकी त्याच वेळी तिची कोंबडी खुडूक होऊन अंड्यांवर बसली होती. बसलेल्या कोंबडीला हलवलं की अंडी गार होतात, पिल्लं आतच मरतात. हे सगुणाला ठाऊक होतं. वडिलांना सांगितलं असतं तर त्यांनी कोंबडी उचललीच असती. तेव्हा तिने काय करावं? घराच्या मागच्या अंगणात कोंबडी टोपलीखाली झाकली, वर गवत टाकलं आणि काही न बोलता आईचा हात धरून चालू लागली. वडिलांनी शिवेवर आरोळी दिली, "मागे कुणी राहिलं नाही हो!" आणि सगुणाने मागे वळून घराकडे पाहिलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी तिला राहवेना. कोंबडीला पाणी कोण देणार? मोठी माणसं जेवून आडवी झाली होती. ती खोपीतून हळूच निघाली आणि शेताच्या वाटेने धावत गावात शिरली.

त्यांचं घर गावाच्या कडेला होतं, मागच्या अंगणाला लागूनच शेत. सगुणा घराला वळसा घालून मागे आली आणि जागच्या जागी खिळली. रिकाम्या शेतात राक्षस बसला होता. बसलेला असूनही त्याचे गुडघे आंब्याच्या शेंड्याला लागत होते. राक्षस म्हटलं की तुम्ही लगेच शिंगं डोळ्यांसमोर आणाल, पण शिंगं नव्हती. सुळे होते, तेही म्हातारपणामुळे हलायला लागलेले. कान मात्र सुपाएवढे होते. त्याने एक हात लांब करून अंगणात आणला होता आणि आपला तळवा त्या टोपलीवर धरला होता. दुपारचं ऊन थेट टोपलीवर येत होतं, आणि त्याच्या तळव्याची सावली अख्ख्या अंगणावर पडली होती.

"पळू नकोस," तो अगदी हळू म्हणाला. "तू पळालीस तर ही पण उठेल, आणि अंडी गार होतील."

एवढ्या मोठ्या देहातून एवढासा आवाज ऐकून सगुणाची भीती निम्मी झाली. उरलेली निम्मी कोंबडीला पाणी ठेवताना गेली. त्याने सकाळपासून हात असाच धरला होता, असं त्याने सांगितलं. हाताला मुंग्या आल्या होत्या, पण मध्येच हात काढला तर कोंबडीला ऊन लागलं असतं.

मग हळूहळू सगळं कळलं. फार पूर्वी या राक्षसाने गावाच्या पूर्वजांशी एक बोली केली होती. तो डोंगरात एकटाच होता. माणसांचे आवाज ऐकून त्याला माणसांत यावंसं वाटे. पण तो चालला की जमीन हादरे, लहान पोरं दचकून उठत. तेव्हा असं ठरलं की तो दर तीन वर्षांनी गावाचा खारबांध बांधून काढील, आणि त्याबदल्यात गाव त्याला तीन दिवस आपल्या जागेत बसू देईल. पाहुण्याला अडचण नको आणि पोरांना धक्का नको म्हणून पूर्वज तेवढे दिवस आपण होऊन बाहेर गेले. जाताना चुलीजवळ त्याच्यासाठी भाकरी ठेवून गेले. पुढे पूर्वज वारले. भाकरी ठेवायची राहिली, बोली विसरली, आणि जाण्याची रीत तेवढी मागे उरली. रीत आहे म्हणजे कारण हवंच, म्हणून पुढच्यांनी भीतीचं कारण जोडून दिलं.

सगुणाने त्याला बांध बांधताना पाहिलं. तो डोंगरातून मोठाले दगड आणी, खेकड्यांनी पोखरलेली बिळं बुजवी, दगड बसवी आणि वरून मुठीने ठोकी. धप्प, धप्प. हाच तो राक्षसाचा नाच.

त्याच्या कानांना डोंगरावरूनही गावातलं सगळं ऐकू येई. गावातल्या माणसांना तो चेहऱ्याने ओळखत नव्हता, आवाजाने ओळखत होता. तो विचारी, पहाटे तीनदा खोकून मग देवाचं नाव घेतो तो कोण? सगुणा सांगे, ते आमचे मानकरी. जात्यावर बसून चुकीच्याच ओव्या म्हणते ती कोण? सगुणा हसे आणि सांगे, ती माझी आई. मग त्याने विचारलं, गेल्या श्रावणात एक तान्हं मूल महिनाभर रडत होतं आणि एके दिवशी रडायचं थांबलं, ते कोण?

"तो माझा भाऊ," सगुणा म्हणाली. "तो गेला."

राक्षसाने आपले सुपाएवढे कान पाडले. मग म्हणाला, "मला वाटलं, त्याला बरं वाटलं. मी त्या दिवशी खूश झालो होतो गं."

सगुणाच्या घरी त्या मुलाचं नाव कुणी काढत नसे. त्याच्याविषयी कुणाला तरी वाईट वाटतंय हे तिने पहिल्यांदाच पाहिलं. तिने जवळ जाऊन त्याच्या करंगळीवर हात ठेवला आणि विचारलं, तुला काय म्हणू? तो म्हणाला, सगळे राक्षस म्हणतात. ती म्हणाली, मी मामा म्हणेन, मला मामा नाही. यावर राक्षसाने तोंड वळवून डोळे पुसले, आणि शेताच्या एका कोपऱ्यात फाल्गुनात चिखल झाला.

तीन दिवस संपले. तो बोलीचा पक्का होता, तिसऱ्या संध्याकाळी डोंगराकडे निघून गेला. गाव परतलं. कोंबडीखाली सात पिल्लं निघाली होती. ती गाव परतल्यावर निघाली असं सगुणाने बेमालूम भासवलं आणि कुणाला संशय आला नाही.

पुढची तीन वर्षं सगुणा रोज संध्याकाळी खाडीवर भांडी घासायला जाई आणि डोंगराकडे तोंड करून हळू आवाजात दिवसभराचं सगळं सांगे. उत्तर येत नसे, येणारही नव्हतं. पण अकराव्या वर्षी पुन्हा पळण आली, ती दुपारची गुपचूप गावात गेली, तेव्हा त्याने पहिलाच प्रश्न विचारला की तुझ्या मैत्रिणीने ती काचेची बांगडी परत दिली का? त्याने एकूण एक गोष्ट ऐकली होती. हजार संध्याकाळी कुणी आपलं बोलणं ऐकत होतं, हे कळल्यावर सगुणाला इतका आनंद झाला की तिला वाटलं, या आनंदाचा काहीतरी मोठा सोहळा करावा.

आणि तिथेच घोटाळा झाला.

देवळासमोर दगडी दीपमाळ होती. गावाचा सगळा अभिमान त्या दीपमाळेत. ती इतकी उंच होती की तिच्या टोकावरची पणती कैक वर्षांत कुणी लावली नव्हती, कारण वर चढायचे पायरीचे दगड झिजून गेले होते. सगुणा म्हणाली, मामा, मला खांद्यावर घे, मी वरची पणती लावते. राक्षसाने नको म्हटलं. तो कधी गावाच्या आळीत शिरत नसे, कडेच्या शेतातच बसे. आळी अरुंद होती, त्याचे पाय मोठे होते. पण सगुणाने तोंड पाडलं. म्हणाली, सगळ्यांचे मामा खांद्यावर घेतात, तू नावाचाच मामा.

बिचारा उठला. एकेक पाऊल जपून टाकत देवळाशी आला. तिने घरून आणलेली नवी पणती टोकावर ठेवली, तेल घातलं, वात लावली. भर दुपारची ती इवलीशी ज्योत कुणाला दिसणार नव्हती, पण तिच्या उंचीवरून सगुणाला खाडी, बांध, शेतं, जांभळीचं रान, सगळं एका नजरेत दिसलं. राक्षस तिला खाली ठेवायला वाकला आणि एक पाऊल मागे सरला. त्याची टाच दीपमाळेला लागली. तीनशे पावसाळे खाल्लेली दीपमाळ एका क्षणात खाली आली.

त्याने दगड गोळा करायचा प्रयत्न केला, पण त्याच्या बोटांत ते कोरीव दगड आणखीच फुटू लागले. शेवटी तो हात मांडीवर ठेवून बसला. म्हणाला, गाव परत येईल तेव्हा मी शिवेवर थांबतो. माझ्या हातून झालं, मी सांगतो.

सगुणा म्हणाली, तू दिसलास तर लोक घाबरून पळतील, ऐकणार कोण?

"मग?"

"मी सांगते. माझ्यामुळे झालं ते सांगते. बांधाचंही सांगते, बोलीचंही सांगते. तू डोंगरात बस आणि ऐक, मामा. तुझं नाव चारचौघांत घेते की नाही, बघच."

राक्षसाचा चेहरा असा उजळला की सगुणाला दीपमाळेचं दुःखसुद्धा विसरायला झालं. कुणीतरी त्याच्या वतीने दोन शब्द बोलणार, म्हणून तो किती पिढ्या वाट पाहत होता, हे तिला त्या वयात कुठून कळावं!

गाव परतलं. पडलेली दीपमाळ बघून बायका रडायला लागल्या. आळीभर राक्षसाच्या पावलांचे खड्डे होते. सगळे देवळासमोर जमले.  तेवढ्यात कुणाला तरी दगडांत ती पणती सापडली, फुटलेली पण नवी कोरी, तेलाने अजून ओली. राक्षस काही पणत्या लावत नाही. म्हणजे गावात कुणीतरी माणूस आलं होतं, आणि त्याने रीत मोडली म्हणून हे अरिष्ट आलं, असं ठरायला कितीसा वेळ लागणार?

मानकऱ्यांनी राखण्याला पुढे बोलावलं. तू आरोळी दिली होतीस ना, म्हणून विचारलं.

"दिली होती," सगुणाचे वडील म्हणाले. "मागे कुणी राहिलं नव्हतं. आणि राहिलं असेल तर आजपासून मला राखण्या म्हणू नका."

मग कुणी म्हणालं की दुपारची राखण्याची पोर खोपीत दिसली नव्हती. सगळ्यांच्या माना सगुणाकडे वळल्या. मानकरी काही दुष्ट नव्हते. ते खाली वाकून तिला म्हणाले, "पोरी, भिऊ नकोस. काय पाहिलंस ते सांग."

सगुणाने तोंड उघडलं. सगळे शब्द तयार होते. दोन दिवस ती तेच घोकत होती. पण समोर वडील उभे होते. त्यांची मान ताठ होती. आपण खरं बोललो तर ही मान खाली जाईल, एवढंच तिला दिसलं. झाकली मूठ सव्वा लाखाची म्हणतात. नुसती गप्प राहिली असती तरी चाललं असतं, पण भ्यालेला माणूस गप्प राहत नाही, तो जास्तीचं बोलतो.

"मी शिवेपर्यंतच गेले होते," ती म्हणाली. "तिथून राक्षस दिसला. फार भयंकर होता. माझ्याकडे बघून त्याने दात विचकले. मी पळत आले. पणतीचं मला ठाऊक नाही."

बायकांनी हाय खाल्ली. वडिलांनी तिला जवळ ओढून पोटाशी धरलं. सगुणाने त्यांच्या धोतरात तोंड लपवलं आणि एका डोळ्याने खाडीपलीकडे पाहिलं. डोंगरावरच्या झाडांतून बगळ्यांचा एक मोठा थवा अचानक उठला. तिथे बसलेलं कुणी मोठं उठून उभं राहावं, आणि फांद्या हलाव्यात, तसे बगळे उठले. मग दूरच्या डोंगरांकडे, आणखी दूरच्या डोंगरांकडे रांगेने झाडं हलत गेली. बाकी कुणाचं तिकडे लक्ष नव्हतं.

सगुणाला कळलं. तिने त्याला ऐकायला बसवलं होतं, आणि त्याने ऐकलं होतं.

त्या दिवसापासून गावाने पळण बंद केली. यापुढे घर सोडायचं नाही, तीन दिवस शिवेवर आगट्या पेटवायच्या आणि ढोल बडवायचे, असं ठरलं. तीन वर्षांनी तसंच केलं. राक्षस आला नाही. ढोल वाजवणाऱ्यांनी मिशांवर ताव दिला, आपल्याला भिऊन पळाला म्हणाले.

बांधाकडे मात्र कुणाचं लक्ष नव्हतं. ते फक्त सगुणाचं होतं. ती आता चौदा वर्षांची झाली होती. रोज भांडी घासून झाली की ती टोपलीभर दगडमाती बांधावर नेऊन खेकड्यांची बिळं बुजवी. लोक हसत. राखण्याच्या पोरीला खूळ लागलंय म्हणत. ती आजही डोंगराकडे तोंड करून बोले, पण दिवसभराच्या गोष्टी नव्हत्या आता. एकच वाक्य होतं, "मामा, मी खोटं बोलले," आणि ते ऐकणारं डोंगरात कुणी नव्हतं. हे तिला पक्कं ठाऊक होतं, तरी बोले. जे चारचौघांत बोलायचं ते तिला अजून बोलता येत नव्हतं.

श्रावणातल्या पुनवेला खाडीला उधाण आलं. भर दुपारी पाणी बांधाच्या काठोकाठ चढलं. एका बिळातून आधी बोटभर धार आली, मग हातभर, आणि बघता बघता बांध दोन जागी फुटला. हिरवंगार भात खाऱ्या पाण्याखाली गेलं. पाणी ओसरलं तेव्हा शेतांवर पांढरी खपली धरली होती. खारावलेली जमीन तीन पावसाळे धुतल्याशिवाय गोडी होत नाही. गाव त्या पांढऱ्या शेतांच्या कडेला उभं राहिलं. मग मानकरी म्हणाले, "राक्षसाने सूड घेतला."

एवढं ऐकलं आणि सगुणाचा बांध फुटला. ती सगळ्यांसमोर उभी राहिली आणि तिने पहिल्यापासून सगळं सांगितलं. कोंबडी सांगितली, तळव्याची सावली सांगितली, बोली, दगड, ठोकण्याचा आवाज, पणती, दीपमाळ, सगळं. तिच्या तान्ह्या भावासाठी त्याने कसे कान पाडले होते, तेही सांगितलं. शेवटी आपण दिलेलं वचन सांगितलं आणि त्यानंतर आपण काय बोललो तेही सांगितलं.

म्हातारे मानकरी एका दगडावर खाली बसले. माझा आजा म्हणायचा की बांध आपोआप धरतो, असं पुटपुटले, आणि त्यांनी दोन्ही हातांनी तोंड झाकलं.

सगुणाची आई मुलीजवळ आली. मारील असं सगळ्यांना वाटलं. पण ती एवढंच म्हणाली, "मला तरी सांगायचंस, बाय. मी त्याला ओवाळलं असतं."

 वडील वळले आणि शिवेच्या दिशेने चालू लागले. सगळं गाव मागोमाग गेलं. जिथे उभं राहून त्यांनी आयुष्यभर आरोळी दिली होती तिथे ते उभे राहिले, डोंगराकडे तोंड केलं आणि फाटक्या आवाजात तीनदा ओरडले, "मागे माझी पोर राहिली होती हो!" तिला ज्या गोष्टीची भीती होती, ती हीच. वडिलांची मान खाली गेली होती. पण मान खाली गेल्यावर त्यांनी हात लांब करून सगुणाचा हात धरला, आणि सगुणाला कळलं की हे तीन वर्षांपूर्वीही असंच झालं असतं.

मग ती ओरडली, "मामा!" तिच्यामागून गाव ओरडलं, लहान पोरं ओरडली. डोंगराने तेवढ्याच हाका परत पाठवल्या. बगळे उडाले नाहीत, झाडं हलली नाहीत.

बैल गेला आणि झोपा केला, तसं झालं. पण गोठ्याच्या दाराचा तो झोपा तरी केलाच पाहिजे होता. गाव करी ते राव न करी. घराघरांतून माणसं आली, टोपल्या आल्या, आणि सबंध वर्षभर खपून त्यांनी बांध पुन्हा उभा केला. राक्षस जे तीन दिवसांत करी त्याला गावाला वर्ष लागलं. दगड ठोकताना धप्प असा आवाज झाला की माणसं क्षणभर थांबत आणि पुन्हा कामाला लागत. दीपमाळ मात्र कुणी परत उभी केली नाही. ते दगड तसेच राहू दिले.

आता पुन्हा पळण होते. दर तीन वर्षांनी गाव घरं सोडून जातं, पण पोरांना कुणी भीती घालत नाही. जाताना प्रत्येक घरात चुलीजवळ एक भाकरी ठेवतात. तीन दिवसांनी परत येतात तेव्हा ती भाकरी तशीच वाळून गेलेली असते, ती गुरांना घालतात. भाऊबीजेला सगुणाची आई चंद्राकडे पाठ करते आणि डोंगराला ओवाळते.

आणि सगुणा दर पळणीला मागच्या अंगणात, त्याच जागी, एका खुडूक कोंबडीला टोपलीखाली ठेवून जाते. दाणे ठेवते, पाणी ठेवते. वडील ते बघतात आणि शिवेवर आरोळी देतात, "मागे एक कोंबडी राहिली हो!" मामाच्या कानावर गेलं तर जावं, म्हणून.

गेल्या पळणीला गाव परतलं तेव्हा ती सगळ्यांच्या पुढे धावत अंगणात आली. भर दुपार होती. टोपलीवर थेट ऊन पडलं होतं, आणि आत कोंबडी चोच उघडून धापा टाकत होती. सगुणाने आपला हात पुढे केला आणि तळवा टोपलीवर धरला. तिच्या तळव्याची सावली टोपलीच्या एका कोपऱ्याला कशीबशी पुरली. ऊन उतरेपर्यंत ती तशीच उभी राहिली.

तात्पर्य: मैत्री आडोशाला जुळली तरी तिची साक्ष चारचौघांत द्यावी लागते, आणि ती मागितली जाते त्याच दिवशी द्यावी लागते, कारण नंतर दिलेली साक्ष ऐकायला मित्र थांबलेला असेलच असं नाही.